यंदाची जर्की वेगळी आहे

९ नोव्हेंबर, शनिवार

आला! स्वतःच्या पायांनी गेला, स्वतःच्या पायांनी परत आला!

सकाळपासून मी खिडकीशी उभी. हातात रफूला घेतलेला त्याचा मोजा. शेताच्या कडेला नारिंगी टोपी दिसली तेव्हा खाली पाहिलं, तर सुईत दोराच नव्हता. इतका वेळ नुसतीच टोचत बसले होते. मोज्याचं काही बिघडलं नाही, माझाच जीव भांड्यात पडला.

मागच्या वर्षी हंगामाच्या पहिल्याच सकाळी ओर्लिन मचाणावरून पडला. जुनं लाकूड, वर बर्फाचा पातळ थर, आणि स्वतःला अजून विशीतला समजणारा माझा नवरा. बरगड्या जुळल्या. डोक्याची जखम भरली. सगळे म्हणाले, वाचला हेच नशीब. मीही म्हणाले, अजून म्हणते. फक्त नाक गेलं. म्हणजे दिसायला आहे जागच्या जागी, पण वास येत नाही. डोकं आपटलं तेव्हा नाकामागच्या बारीक तारा तुटल्या म्हणे. आणि वास गेला की चव जाते. खारट-गोड तेवढं कळतं, बाकी सगळं पुठ्ठा.

बेमिजीच्या इस्पितळातले डॉक्टर म्हणाले होते, ‘‘यायचं असेल तर वर्षभरात येईल. त्यानंतर फार आशा धरू नका.’’

आज वर्ष झालं. त्यानं विषय काढला नाही, मीही नाही.

यंदा मचाण नाही, हे वचन मी त्याच्याकडून चर्चमध्ये असल्यासारखं घेतलं होतं. पाळलंन. स्वयंपाकघरातली खुर्ची उचलली आणि गवताच्या भाऱ्याआड जाऊन बसला. खुर्चीवर बसून शिकार! आणि हरणी मिळाली. चांगली भरलेली. खुर्चीच्या पायांना लागलेला चिखल मी पुसला.

ठरवलं आहे, आता वाट पाहायची नाही. माणूस घरात आहे. पुरे.

१० नोव्हेंबर, रविवार

एव्हिस आली हरणी बघायला. ओर्लिनची मोठी बहीण, शेजारच्याच शेतावर राहते. तिची जीभ म्हणजे नुकती धार लावलेली सुरी.

‘‘खुर्चीवर बसून? उशी पण नेली होतीस का रे?’’

‘‘नव्हती नेली,’’ ओर्लिन म्हणाला. ‘‘पुढच्या वर्षी नेईन.’’

‘‘किती गोळ्या लागल्या?’’

आता खोटं बोलता आलं असतं. तिथे कोण होतं बघायला? पण नाही. ‘‘दोन. पहिली चुकली.’’

बस्स! एव्हिसनं माझ्या शिवणाच्या टोपलीतून कात्री काढली. नेम चुकला की शर्टाचं मागचं टोक कापायचं, ही त्यांच्या बापाच्या वेळची रीत. ओर्लिन मुकाट्याने उठला, पाठ केली, शर्ट बाहेर काढला. तिनं कचकन टोक कापलं आणि शेडमध्ये खिळ्याला लावलं, बाकीच्या टोकांशेजारी. तिथे त्यांच्या बापाचं आहे, काकांचं आहे, एव्हिसची स्वतःची दोन आहेत.

शर्ट चांगला होता. मीच घेतला होता इस्टरला. पण ओर्लिन हसला! खांदे हलवून, आवाज न करता, पूर्वीसारखा. अशा हसण्यासाठी कपाटातले सगळे शर्ट कापायला देईन.

११ नोव्हेंबर, सोमवार

हरणांत तो झिजवणारा रोग आलाय, म्हणून आमच्या भागात मांस तपासून घ्यावं लागतं. नमुना देऊन आलो. निकाल येईपर्यंत मांस डीपफ्रीझरमध्ये. एव्हिस म्हणते, ‘‘बाबांच्या वेळी हरणं आजारी नव्हती.’’ आजारी असतील, विचारलं कुणी होतं?

१३ नोव्हेंबर, बुधवार

दुपारी वाटाण्याचं सूप केलं. हॅमचं हाड घालून, दोन तास शिजवून. ओर्लिननं अर्ध्या वाटीच्या वर खाल्लं नाही.

‘‘कसं झालंय?’’

‘‘छान.’’

हा ‘छान’ मला सुईसारखा टोचतो. आमच्याकडे चांगल्या गोष्टीला ‘छान’ कुणी म्हणत नाही. खरोखर चांगलं असेल तर म्हणतात, ‘वाईट नाही.’ माझ्या आईनं लग्नाआधी त्याला विचारलं होतं, माझी मुलगी कशी वाटली? तर हा टोपी फिरवत म्हणाला होता, ‘‘वाईट नाही.’’ आईनं त्याच दिवशी केक करायला घेतला.

आणि अगदीच घशाखाली उतरत नसेल, तर म्हणतात, ‘वेगळं आहे.’ त्याच्यापुढे शिवीच.

‘छान’ पाहुणे म्हणतात. ओर्लिन माझ्या टेबलाशी वर्षभर पाहुण्यासारखा जेवतोय. उठताना खुर्ची आत सरकवतो, ‘छान’ म्हणतो, जातो. त्याची पँट पट्ट्यानं धरून ठेवली आहे. नवीन भोक मीच पाडून दिलं, खिळा तापवून.

चिडू कुणावर? त्याला माझं मन मोडायचं नसतं, एवढंच.

१४ नोव्हेंबर, गुरुवार

सर्दी. नाक दगडासारखं बंद.

ओर्लिन म्हणाला, ‘‘ये, माझ्या पंगतीला.’’ घरात आता एकही नाक चालू नाही!

१५ नोव्हेंबर, शुक्रवार

जर्कीची, म्हणजे मसाला लावून सुकवलेल्या मांसाच्या पट्ट्यांची, तयारी. कॉफीची जुनी दळणी खाली काढली आणि मिरी दळली. दळणी काढलीच आहे तर नाताळच्या पावाचा वेलदोडाही सोलून दळून ठेवला. दर शिंकेला पूड उडते! दोन बाटल्या भरून चुलीच्या वरच्या फळीवर ठेवल्या. डोकं भोपळ्यासारखं जड झालंय. दुपारी झोपले.

१६ नोव्हेंबर, शनिवार

निकाल आला. हरणीला रोग नाही. सुटलो! मांस आपलं.

१७ नोव्हेंबर, रविवार

चर्चला गेले नाही, शिंकांमुळे. दिवसभर पट्ट्या कापल्या.

मागच्या मांड्या अर्धवट गोठलेल्या असतानाच कापायच्या, म्हणजे सुरी सरळ जाते. पांढरा पडदा काढायचा, चरबीचा कण ठेवायचा नाही, नाहीतर पुढे खवट होते. हे सगळं ओर्लिननं केलं आणि सुरेख केलं. हात शाबूत आहेत त्याचे. पट्टी उजेडात धरली तर पलीकडची खिडकी दिसेल इतकी सारखी.

मग मी मोठं भांडं पुढे ठेवलं. सोया सॉस, वूस्टर सॉस, तपकिरी साखर, लसूण, कांद्याची पूड.

मसाला आजवर त्यानंच केला. कधी मोजला नाही, कधी सांगितला नाही. भांड्यावर वाकायचा, डोळे मिटायचा, वास घ्यायचा, आणखी चिमूटभर टाकायचा, परत वाकायचा. शिकारीवरून परतणारी माणसं वाट वाकडी करून आमच्या दारात यायची त्या जर्कीसाठी. मी म्हणायचे, कृती सांग की. तो म्हणायचा, ‘‘वास आला की कळतं.’’ झालं! एवढीच कृती.

‘‘चल,’’ मी म्हटलं, ‘‘वाक भांड्यावर. सवयीनं येईल.’’

तो दोन पावलं मागे सरला. ‘‘तूच घाल.’’

‘‘मिरी किती?’’

‘‘भरपूर.’’

‘‘भरपूर म्हणजे?’’

‘‘मर्ना, भरपूर म्हणजे भरपूर. मला काय विचारतेस? बाहेर बर्फ काढायचाय.’’ आणि गेला. बाहेर काढण्याजोगा बर्फच नव्हता. कोरड्या अंगणात फावडं घेऊन उभा राहिला.

मी भरपूर घातली. सगळ्या पट्ट्या हातानं चोळल्या, झाकून थंडीत ठेवल्या. हाताला वास कसला येतोय तेही कळेना. दोघांनीही आंधळेपणानंच केलं म्हणायचं. होईल ते होईल.

१८ नोव्हेंबर, सोमवार

आज काय होऊन बसलं असतं!

पण आधी जर्की. पट्ट्या पुसून कोरड्या केल्या, जाळ्यांवर पसरल्या, खाली फॉइल. आधी चांगली आच देऊन मांस आतपर्यंत तापवून घेतलं, मग ओव्हन अगदी मंद केला. दाराच्या फटीत लाकडी चमचा अडकवला. दार थोडं उघडं राहिलं पाहिजे, नाहीतर पट्ट्या सुकायच्या ऐवजी वाफेत शिजतात. त्या चमच्याला इतक्या वर्षांच्या दाराचा दात उमटला आहे. दुसऱ्या कशाला तो वापरायचा नाही, हे घरात सगळ्यांना माहीत आहे.

ओर्लिन खुर्ची घेऊन ओव्हनसमोर बसला. ‘‘मी बघतो,’’ म्हणाला. किती बरं वाटलं! पट्टी वाकवायची. तडकली पाहिजे, पांढरे धागे दिसले पाहिजेत, पण तुटता कामा नये. त्याला नाक लागत नाही, बोटं लागतात. आज त्याला काम होतं. मी वर कपडे घड्या घालायला गेले. गुणगुणतसुद्धा होते.

खालून एव्हिसचा आवाज. ‘‘अरे, घर पेटवलंत की काय!’’

धावत खाली आले. स्वयंपाकघर धुरानं निळं झालेलं. कॉफीचं भांडं शेगडीवर कोरडं पडून जळत होतं, शेजारी ठेवलेलं फडकं काळं पडलं होतं, त्याच्या कडेला लालसर रेघ सरकत होती. ओर्लिन ओव्हनसमोर, शेगडीकडे पाठ, पेपर तोंडासमोर धरलेला. त्याला पत्ता नाही. वरच्या मजल्यावर मला पत्ता नाही. एव्हिसनं फडकं सिंकमध्ये फेकलं, पाणी सोडलं, सगळ्या खिडक्या उघडल्या.

‘‘मला अंगणातून वास आला,’’ ती म्हणाली. ‘‘अंगणातून!’’

कुणाला काही झालं नाही. हे मी दिवसभर स्वतःला सांगतेय. फडकं गेलं, भांडं गेलं, भिंतीवर एक डाग. बास. देवाचे आभार. एव्हिसचेही मानले, तर म्हणाली, ‘‘कॉफी प्यायला आले होते, तीच जाळलीत.’’

ओर्लिननं जर्की शेवटपर्यंत पाहिली. एकेक पट्टी वाकवून काढली. नंतर भांडं घासत राहिला, कितीतरी वेळ. ते निघण्यातलं नव्हतं.

‘‘टाकून दे,’’ मी म्हटलं.

‘‘मी इथेच बसलो होतो, मर्ना.’’

त्याच्या पाठीवर हात ठेवला. शर्ट तोच, मागून टोक कापलेला.

१९ नोव्हेंबर, मंगळवार

धूर ओरडून सांगणारी दोन नवी यंत्रं लावली. एक अगदी शेगडीवर. अंडी तळली तरी ओरडतं!

२० नोव्हेंबर, बुधवार

जर्कीच्या पुड्या बांधल्या. पहिली एव्हिसला, घर वाचवल्याबद्दल.

तिनं उभ्याउभ्याच तुकडा तोडला. चावला. पुन्हा चावला. खिडकीबाहेर पाहिलं.

‘‘वेगळी आहे,’’ ती म्हणाली.

मी विचारलं, ‘‘वेगळी म्हणजे?’’

‘‘वेगळी. काय घातलंस?’’

‘‘नेहमीचंच.’’

‘‘अस्सं.’’

तिच्या कुत्र्यानं हुंगलं आणि तो शिंकला. कुत्रा!

मी खाऊन पाहिली. खारट, गोड, चिवट. पुढे काही कळत नाही. नाक अजून बंदच. ओर्लिनला विचारलं, तर ‘‘छान.’’

२२ नोव्हेंबर, शुक्रवार

चर्चच्या पास्टर हेग आल्या, ओर्लिनची चौकशी करायला. भली बाई. नवीन आहेत, पण मूळच्या आमच्याच बाजूच्या, त्यामुळे बोलणं समजतं. पुढ्यात जर्कीची बशी ठेवली. एक तुकडा खाल्ला, बराच वेळ खाल्ला.

‘‘मर्ना, ही तर...’’ शब्द शोधत होत्या बिचाऱ्या. ‘‘ही वेगळी आहे, नाही का?’’

‘‘झाली खरी.’’

‘‘का कोण जाणे, मला एकदम नाताळ आठवला. आजीचं घर.’’

आता नाताळला हरणाची जर्की कोण खातं? काहीतरी बरं बोलायचं म्हणून बोलल्या असतील. दुसरा तुकडा घ्या म्हटलं, तर पोट भरलंय म्हणाल्या. एका तुकड्यानं!

मला कळून चुकलं. ती जर्की त्याच्या नाकाची होती. सोया सॉस कुणीही घालेल. हे मी ओर्लिनला कधीही सांगणार नाही.

२४ नोव्हेंबर, रविवार

चर्चच्या तळघरात कॉफी. जर्कीची बशी ठेवली होती. एकेकानं एकेक तुकडा उचलला आणि पुढे सरकला. ‘‘वेगळी आहे.’’ ‘‘वेगळीच केलीस यंदा.’’ एक तर म्हणाला, ‘‘चांगली वेगळी आहे!’’ म्हणजे काय, ते त्यालाच ठाऊक.

ओर्लिन पलीकडे उभा होता. सगळे पांगल्यावर आला, बशीतली उरलेली जर्की रुमालात बांधली, खिशात घातली.

दुपारी कारीचा फोन, फार्गोहून. आमची मुलगी. पहिलं बाळ डिसेंबरच्या मध्यावर यायचंय.

‘‘आई, तू नाताळपर्यंत राहशील ना? मला भीती वाटते गं.’’

‘‘बाबांना घेऊन येऊ?’’

‘‘एका खोलीच्या घरात? आणि गाई?’’

गाई एव्हिस बघेल. ओर्लिनला कोण बघेल? एव्हिसच्या घरी राहायला तो तयार नाही. म्हणतो, मी लहान मूल नाही. नाहीच. पण लहान मुलालासुद्धा धुराचा वास येतो. मी कारीला म्हटलं, बघते. तिला कळलं. लहानपणापासून माझं ‘बघते’ म्हणजे ‘नाही’.

फोन ठेवल्यावर पहिल्यांदा रडले. या वर्षात रडायला वेळच झाला नव्हता. ओर्लिन दारात उभा होता. त्यानं ऐकलं की नाही, कळलं नाही.

२५ नोव्हेंबर, सोमवार

सकाळी ओर्लिन गोठ्यातून धावत आला. ‘‘काही जळतंय का?’’

सगळीकडे पाहिलं. शेगडी बंद, ओव्हन बंद, यंत्रं गप्प. धुराड्यापर्यंत जाऊन आले.

‘‘काही नाही रे.’’

‘‘वाटलं मला,’’ म्हणाला आणि ओशाळला.

त्या दिवशीचा धसका अजून गेला नाही त्याचा. दोन्ही यंत्रांची बटणं दाबून दाखवली. दोन्ही बोंबलली. मग आम्ही दोघं हसलो.

२६ नोव्हेंबर, मंगळवार

आजही विचारलंन. काही जळत नव्हतं.

२८ नोव्हेंबर, गुरुवार, थँक्सगिव्हिंग

एव्हिसकडे जेवण. टर्की, बटाटे, क्रॅनबेरी, तिची ती कडक बिस्किटं. तिची मुलं, सुना. मी जर्की नेली होती. दरवर्षी नेतो, जेवणाआधी पुरुषमंडळी उभ्यानं फस्त करतात. यंदा ती टेबलाच्या कोपऱ्यात, भोपळ्याच्या गोडाच्या ताटाआड. कुणी मुद्दाम ढकलली नसेल. पण होती आड.

एव्हिसचा थोरला म्हणाला, ‘‘यंदा मसाला मामानं नाही केला, होय?’’

टेबलावर सगळे एकदम बटाटे वाढून घ्यायला लागले.

आणि ओर्लिन उठला. बशी उचलली, स्वतःच्या ताटाशेजारी ठेवली, आणि टर्की बाजूला सारून जर्की खायला लागला. एकेक पट्टी, शांतपणे, सगळ्यांकडे बघत. कॉफीच्या घोटाबरोबर. सगळी बशी!

‘‘छान आहे,’’ तो म्हणाला. मोठ्यानं.

मी खाली मान घालून जेवले. इतकी चीड वर्षभर त्या ‘छान’वर काढली. आज वाटलं, याच्याहून चांगला शब्द या भाषेत नाही.

ट्रकमध्ये मी म्हटलं, ‘‘चव नसलेलं एवढं कशाला खाल्लंस?’’

‘‘तू केलंयस.’’

अंगणात वळताना म्हणाला, ‘‘कारीकडे जा तू.’’

‘‘बघते.’’

‘‘बघू नकोस. जा.’’

डोळ्यांसमोर ते फडकं येतं, कडेला लाल रेघ सरकत असलेलं.

२९ नोव्हेंबर, शुक्रवार

नाक उघडलं! अर्धं तरी. उजवीकडून हवा जाते. वास नाही अजून, पण झोप लागली.

ओर्लिननं सकाळी दोन अंडी खाल्ली आणि तिसरं मागितलं. कालच्या जर्कीनं पोट बिघडेल वाटलं होतं, उलट भूक लागली. असो. तिसरं अंडं तळताना यंत्र ओरडलं.

३० नोव्हेंबर, शनिवार

कारीसाठी लोकर आणली, पिवळी. विणून पाठवीन. जाणं नाही जमलं तरी बाळाच्या अंगावर माझ्या हातचं काहीतरी असेल. असं स्वतःला समजावलं आणि अर्धी टोपी विणून झाली.

उद्या नाताळचे पाव भाजायचे. पहिला एव्हिसला. जर्कीनं गेलेली अब्रू पावानं परत आणते की नाही बघा!

१ डिसेंबर, रविवार

पीठ मळत होते. ओर्लिन टेबलाशी, कॉफी आणि उरलीसुरली जर्की. चावता चावता थांबला. तुकडा तोंडातून काढला, नाकाशी नेला, डोळे मिटले. भांड्यावर वाकायचा ना, तसे.

‘‘मर्ना, ही वेगळी आहे.’’

‘‘आता तूसुद्धा!’’ मी चिडलेच.

‘‘यात वेलदोडा कशाला घातलास?’’

फळीवर दोन बाटल्या, दोन्हींतली पूड सारखीच करडी. परातीत नाताळचं पीठ, मनुका घातलेलं, आणि त्यात भरपूर मिरी.

चर्चला गेलो नाही. दोघं जमिनीवर बसलो, माझे पिठाचे हात त्याच्या गळ्यात, कोण रडतंय कोण हसतंय कळेना. मग त्यानं फळीवरची एकेक बाटली उघडली. दालचिनी, नाही. लवंग, थोडी. कॉफी, हो! मग स्वतःच एक काडी ओढली, विझवली, डोळे मिटून धूर घेतला. ‘‘येतो,’’ म्हणाला. ‘‘मर्ना, येतोय.’’

मिरीचा पाव भाजला. त्यानं दोन तुकडे खाल्ले आणि म्हणाला, ‘‘वाईट नाही.’’

कारीला फोन केला. येतेय म्हटलं.